करड्या रिळातला रंग

आरंभीच्या रंगीत चित्रपटांचा शोध घेणारे बहुधा रंगीत प्रतच शोधत असतात, आणि तिथेच गल्लत होते असे मला वाटते.

१९११च्या दिल्ली दरबारासाठी आलेल्या पंचम जॉर्जचा दौरा चार्ल्स अर्बनच्या मंडळींनी किनेमाकलर पद्धतीने चित्रित केला. या पद्धतीत फिल्म रंगीत नसेच. कृष्णधवल पट्टीवर एक चौकट तांबड्या गाळणीतून आणि पुढची हिरव्या गाळणीतून टिपली जाई. पडद्यावर दाखवतानाही तशाच गाळण्या फिरत. पुढे हा चित्रपट बहुतांशी नाहीसा झाला. २००० साली त्याचे एक रीळ रशियातील क्रास्नोगोर्स्क येथे सापडले. नुसत्या डोळ्यांना असे रीळ करडेच दिसते. रंग असतो तो लगतच्या दोन चौकटींतील छटांच्या फरकात. जाणकार नसता तर कुणीही ते साधे कृष्णधवल समजून बाजूला ठेवले असते.

आपल्याकडचे उदाहरण ‘सैरंध्री’चे. द्रौपदी-कीचकाची कथा. दशावतार पाहत वाढलेल्या मालवणी माणसाला महाभारतातील ही पात्रे रंगभूषेवाचून कल्पिताच येणार नाहीत! १९३३ साली व्ही. शांताराम यांनी प्रभातसाठी ती रंगात आणण्याचे धाडस केले. आग्फाची बायपॅक पद्धत वापरून प्रती जर्मनीत काढवून घेतल्या, पण निकाल मनासारखा लागला नाही. इतिहासकार इथेच थांबतात. परंतु बायपॅकमध्येही मूळ नोंद दोन कृष्णधवल निगेटिव्हांची असते: एक तांबूस, एक निळसर प्रकाशाची. म्हणजे फसला तो छापील रंग. निगेटिव्हची नोंद हा वेगळा प्रश्न आहे, आणि तो क्वचितच कुणी विचारतो.

विचारायलाही उशीर होतोच. ८ जानेवारी २००३ रोजी पुण्यात, जुन्या प्रभात स्टुडिओच्या आवारातील नायट्रेट फिल्मच्या साठ्याला आग लागली आणि आरंभीच्या चित्रपटांची कितीतरी रिळे जळाली.

सिंधुदुर्गात आगीची गरज नसते. खारी, दमट हवा पुरते. चाकरमान्यांच्या घरात, माळ्यावरच्या लोखंडी ट्रंकेत एखादे आठ मिलिमीटरचे घरगुती रीळ असेल, तर झाकण उघडताच आंबट वास येईल. अ‍ॅसिटेटचा तळ कुजू लागल्याची ती खूण. असे रीळ प्रक्षेपकावर चढवू नये. ते आक्रसलेले असते, तुटते. थंड व कोरड्या जागी हलवावे, डब्यावरील अक्षरे उतरवून घ्यावीत आणि चित्र करडे दिसले तरी डबा फेकू नये.