मंथरेची भूमिका कोण घेणार?

दिवाळी उलटली की आपल्या झाडीपट्टीत नाटकांचे दिवस येतात. गावोगाव मंडई भरते, शंकरपट होतो आणि रात्री मांडवात सुरू झालेले नाटक पहाटेपर्यंत चालते. दुसऱ्या दिवशी पारावर गोष्टी निघतात त्या मात्र बहुधा खाष्ट सासूच्या. "काय छळत होती हो ती सुनेला!" आणि तरीही शाळेत नाटक बसवायचे ठरले, की सीतेसाठी दहा मुली हात वर करतात, मंथरेसाठी एकही नाही. शिक्षकबंधूंना हा अनुभव नवा नसावा. म्हणूनच आज ललिता पवार यांची हकिकत सांगावीशी वाटते.

त्यांचा जन्म १९१६ सालचा, नाशिक जिल्ह्यातील येवल्याच्या शगुन घराण्यातला. मूळचे नाव अंबा. मूकपटांच्या जमान्यात, १९२८ च्या सुमारास, लहान वयातच त्या चित्रपटांत आल्या. पुढे नायिका झाल्या. १९३२ साली 'कैलास' या मूकपटात त्यांनी काम तर केलेच, शिवाय त्याची निर्मितीही केली. बोलपट आल्यावर आपली गाणी आपणच म्हटली.

आणि १९४२ साली घात झाला. एका प्रसंगात सहकलाकार भगवान यांनी त्यांना थप्पड मारायची होती. हात जोरात बसला. चेहऱ्याच्या एका बाजूला अर्धांगवायू झाला, डाव्या डोळ्याला कायमची इजा झाली. दीर्घ उपचार झाले, पण डोळा पहिल्यासारखा झाला नाही. वय अवघे सव्वीस! नायिकेच्या वाटेला तिथेच कुंपण पडले.

दुसरी एखादी घरी बसली असती. ललिताबाई बसल्या नाहीत. १९४४ साली 'प्रभात'च्या 'रामशास्त्री' चित्रपटात त्या आनंदीबाई झाल्या. तो बारीक झालेला डोळाच आता कामाला आला. नुसती नजर रोखली, की पाहणाऱ्याच्या अंगावर काटा यायचा. पुढे कजाग सासू म्हटली की ललिता पवारच, असे समीकरण झाले. विचार करा, सासू जर लटकी वाटली, तर सुनेच्या डोळ्यांतले पाणी खरे कसे वाटणार? नायिकेचे दुःख आपल्या काळजाला भिडते, त्यात निम्मे श्रम खलनायिकेचे असतात.

पण बाई नुसत्या दुष्टपणात अडकल्या नाहीत. १९५५ च्या 'श्री ४२०' मध्ये त्या केळी विकणारी गंगामाई झाल्या. १९५९ च्या 'अनाडी'त तोंडाने फटकळ, आतून मायाळू अशी घरमालकीण मिसेस डिसा त्यांनी उभी केली. त्या कामाला सहाय्यक अभिनेत्रीचे 'फिल्मफेअर' पारितोषिक मिळाले. १९६१ साली संगीत नाटक अकादमीचाही पुरस्कार लाभला.

आणि १९८७ साली दूरदर्शनवर 'रामायण' सुरू झाले. मी तेव्हा शाळकरी पोर. रविवारी सकाळी ज्याच्या घरी संच असेल त्याच्या ओसरीत सारी गल्ली गोळा व्हायची. राम दिसला की शेजारच्या आजी हात जोडीत आणि मंथरा आली की बोटे मोडीत. त्या मंथरा होत्या ललिता पवार. वय सत्तरीच्या पुढे! आजींना त्यांचे नाव ठाऊक नव्हते. पण आज वाटते, ती कडाकडा मोडलेली बोटे म्हणजे कलावंताला मिळालेली पावतीच होती.

१९९८ साली पुण्यास त्यांचे निधन झाले. तोवर साठांहून अधिक वर्षे त्यांनी तोंडाला रंग लावला होता. त्यांतली नायिकेची वर्षे थोडी, दुय्यम म्हणवणाऱ्या भूमिकांची फार. आज लोकांच्या ध्यानात आहेत त्या याच भूमिका.

तेव्हा गुरुजी, यंदा स्नेहसंमेलनात मंथरेसाठी कोणी हात वर केला नाही, तर मुलांना ही हकिकत जरूर सांगा. आणि ज्या मुलीचा हात वर येईल, तिची पाठ सीतेच्या आधी थोपटा.