सोलापूरहून निघालेले तीन लोकांचे मोजमाप

१/ 'मल्टिव्हर्स' हा शब्द अलीकडे चित्रपटांनी घराघरांत नेला. त्यामागोमाग "आपल्या पूर्वजांना हे सगळे ठाऊकच होते" असे संदेशही फिरू लागले. तसा एखादा संदेश पुढे पाठवण्यापूर्वी एक ग्रंथ पाहावा. १९४३ साली, महायुद्ध ऐन भरात असताना, सोलापूरच्या एका नव्या ग्रंथमालेचे पहिले पुष्प प्रकाशित झाले. त्याचे नाव 'तिलोयपण्णत्ती', म्हणजेच 'त्रिलोकप्रज्ञप्ती'. एकावर एक रचलेल्या लोकांचे मोजमाप करणारा हा प्राकृत ग्रंथ आहे.

२/ ग्रंथमाला ज्यांच्या नावे चालली ते ब्रह्मचारी जीवराज गौतमचंद दोशी सोलापूरचेच. १९४१च्या उन्हाळ्यात त्यांनी नाशिकजवळ गजपंथा येथे विद्वानांची सभा बोलावली, जैन संस्कृती संरक्षक संघ स्थापन केला आणि त्यासाठी तीस हजार रुपयांची देणगी जाहीर केली. पुढे १९४४ मध्ये सुमारे दोन लाखांची आपली सर्व मालमत्ताच त्यांनी संघाच्या स्वाधीन केली. संपादनाचे काम कोल्हापूरच्या राजाराम महाविद्यालयातील आ. ने. उपाध्ये आणि अमरावतीचे हिरालाल जैन यांनी अंगावर घेतले. गिरण्यांच्या भोंग्यांवर चालणाऱ्या शहरातून स्वर्ग-नरकांचे गणित बाहेर पडावे, हे मला आजही नवलाचे वाटते.

३/ ग्रंथकर्ता यतिवृषभ. संपादकांनी त्याचा काळ इ.स. ४७३ ते ६०९ यांच्या दरम्यान ठरवला. ग्रंथाचे नऊ महाधिकार आहेत: लोकाचे सामान्य स्वरूप, मग नरक, भवनवासी देव, मनुष्यलोक, तिर्यंच, व्यंतर, ज्योतिषी, स्वर्ग आणि शेवटी सिद्धलोक. जैन परंपरेत या विद्येला करणानुयोग म्हणतात. वर्णनापेक्षा आकडेमोडीवर तिचा भर अधिक आहे.

४/ विश्वाची उंची १४ रज्जू, उत्तर-दक्षिण जाडी सर्वत्र ७ रज्जू. पूर्व-पश्चिम रुंदी मात्र बदलते. तळाशी ती ७, मध्यलोकाशी १, त्याच्या वर साडेतीन रज्जूंवर ५ आणि माथ्याशी पुन्हा १. (रज्जू म्हणजे असंख्य योजने. किलोमीटर काढण्याच्या फंदात पडू नये.) कागद-पेन्सिल घेऊन पाहा: अधोलोकाचे घनफळ १९६, ऊर्ध्वलोकाचे १४७, एकूण ३४३ घन रज्जू. म्हणजे बरोबर साताचा घन.

५/ मधल्या पातळ थरात वर्तुळाकार द्वीप आणि समुद्र एकाला एक वेढून आहेत. प्रत्येकाची रुंदी आधीच्याच्या दुप्पट. केंद्रस्थानी जंबूद्वीप, व्यास एक लाख योजने. त्याच्या दक्षिण कडेला आपले भरतक्षेत्र, रुंदी ५२६ पूर्णांक ६/१९ योजने, म्हणजे त्या लाखाचा १९०वा भाग. नकाशात स्वतःला इतकी लहान जागा देणारे लोक फार थोडे असतील.

६/ आता या थ्रेडमधला माझा आवडता प्रसंग. लोकाचा आकार मृदंगासारखा गोल आहे, असेही एक मत होते. षट्खंडागमावर 'धवला' टीका लिहिणाऱ्या वीरसेनाचार्यांनी त्यावर वाद घातला नाही; घनफळच काढले. निमुळत्या गोल आकारातून त्यांनी मधला दंडगोल वेगळा केला, उरलेला पोकळ भाग उभा चिरून पसरवला आणि त्याचे तुकडे करत गेले. प्रत्येक फेरीत कडेला उरणारे घनफळ आधीच्या चौथ्या हिश्श्याएवढे. ही बेरीज अनंतापर्यंत न्यायची. उत्तर आले सुमारे १६४ घन रज्जू. (आजच्या सूत्राने १६१च्या आसपास येते.) परंपरेने सांगितलेल्या ३४३च्या हे निम्मेही नाही. म्हणून गोल आकार बाद! न दिसणाऱ्या जगाचा नकाशा इथे निदान स्वतःच्याच आकड्यांपुढे उभा केला गेला.

७/ यतिवृषभाची आणखी एक सवय लक्षात घेण्याजोगी आहे. 'लोकविभाग' यांसारख्या ग्रंथांचे मत निराळे असेल, तर तो ते पाठांतर म्हणून नोंदवतो. काही ठिकाणी तर या विषयीचा उपदेश आता नष्ट झाला आहे, असे सरळ सांगतो. आकडा बनवून घालणे किती सोपे होते!

८/ पण आकडे आपसांत जुळले म्हणजे नकाशा खरा ठरला, असे नव्हे. जंबूद्वीपावर दोन सूर्य व दोन चंद्र आळीपाळीने उगवतात, असे ही परंपरा मानत होती. ११५० साली भास्कराचार्यांनी 'सिद्धांतशिरोमणी'च्या गोलाध्यायात या मताची खिल्ली उडवली. ध्रुवाजवळचा तारकासमूह एका अहोरात्रात एक फेरी पुरी करतो, हे डोळ्यांनी पाहा, मग दुसरा सूर्य हवाच कशाला, असा त्यांचा प्रश्न. गंमत अशी, की त्याच भास्कराचार्यांनी पुराणांतले लोक आपल्या गोल पृथ्वीवर बसवले आहेत: विषुववृत्ताच्या दक्षिणेला भूर्लोक, उत्तरेला भुवर्लोक आणि उत्तर ध्रुवावरचा मेरू हा स्वर्लोक.

९/ तेव्हा तिलोयपण्णत्तीत आजच्या भौतिकशास्त्रातले बहुविश्व शोधू नये. तिथे विश्व एकच आहे, त्याचे थर अनेक आहेत, आणि त्या सर्वांत जीवाचे येणे-जाणे चालते. नकाशाचे प्रयोजनही तेच: जीव कुठून आला, कुठे जाऊ शकतो.

१०/ सोलापूरचे काम पुढेही चालू राहिले. १९५१ मध्ये तिलोयपण्णत्तीचा दुसरा भाग निघाला. १९५८च्या 'जंबूदीवपण्णत्तिसंगहो'सोबत लक्ष्मीचंद्र जैन यांनी तिलोयपण्णत्तीच्या गणितावर दीर्घ निबंध लिहिला, आणि १९६३ मध्ये त्यांच्याच संपादनाखाली महावीराचार्यांचा 'गणितसारसंग्रह' आला. दोशींना तो पाहता आला नाही. १९५७ मध्ये त्यांचे निधन झाले होते.

११/ महावीरांच्या २५००व्या निर्वाण वर्षानिमित्त स्वीकारलेले जैन प्रतीक तुम्ही मंदिरांच्या कमानींवर पाहिले असेल: आत उघडा पंजा, वर स्वस्तिक, तीन ठिपके आणि चंद्रकोर. या सर्वांभोवतीची ती तळाशी रुंद, कमरेशी अरुंद, पुन्हा फुगून माथ्याशी निमुळती होणारी बाह्यरेषा म्हणजे हाच लोक. सात, एक, पाच, एक.