दामदुपटीपासून ईएमआयपर्यंत : घरकर्ज खरं कितीला पडतं?

'दामदुप्पट' म्हटलं की तुम्हाला काय आठवतं? बहुतेकांना ठेवीची योजना आठवते. पैसे ठेवा, अमुक वर्षांत दुप्पट घेऊन जा. माझ्या आईलाही तेच आठवतं. पण मी ज्या जुन्या कागदांत दिवस काढते तिथे हा शब्द बरोबर उलट्या बाजूने येतो. तिथे दामदुप्पट हा कर्ज घेणाऱ्याचा आधार आहे: सावकाराला मुद्दलापेक्षा जास्त व्याज एका वेळी वसूल करता येणार नाही, म्हणजे शंभराचे फार तर दोनशे.

ज्यांना संशोधनात यायचंय त्यांच्यासाठी आज हा एकच नियम घेऊन बसू या. माझं एम.एस्सी. संख्याशास्त्रात झालं आणि पीएचडी कर्जाच्या इतिहासावर चालू आहे. 'हे दोन कुठे जुळतात?' असं मला नेहमी विचारतात. ते जुळले आमच्या मनमाडच्या घरात, दादाच्या गृहकर्जावरून.

दादाचा प्रश्न

दादा नाशिकला नोकरीला आहे. २०२१ मध्ये त्याने फ्लॅट घेतला तेव्हा तो ३८ वर्षांचा होता. कर्ज २५ लाख, मुदत २० वर्षं, दर ६.७५ टक्के, हप्ता १९,००९ रुपये. हिशोब सरळ होता: ५८ व्या वर्षी नोकरी संपेल, त्याच वर्षी कर्जही संपेल. २०२३ च्या उन्हाळ्यात तो मनमाडला आला होता. जेवणं झाल्यावर बँकेचं ॲप उघडून म्हणाला, "हे बघ गं, हप्ता तेवढाच आहे, पण उरलेल्या हप्त्यांचा आकडा चुकलाय बहुतेक."

आकडा चुकलेला नव्हता. तो का चुकलेला नव्हता हे सांगण्यासाठी आपल्याला जवळजवळ दीडशे वर्षं मागे जावं लागेल.

सुप्याचे जळालेले कागद

मनमाड जंक्शनवरून दौंडकडे जाणारी गाडी येवला, कोपरगाव, अहमदनगर (आता अहिल्यानगर) करत जाते. हा मार्ग १८७८ मध्ये सुरू झाला. त्याच्या तीनच वर्षं आधी, या मार्गाच्या दक्षिण टोकाकडच्या मुलखात 'दख्खनचे दंगे' झाले. १२ मे १८७५ रोजी पुणे जिल्ह्यातल्या सुपे गावी सुरुवात झाली. (हे बारामतीकडचं सुपे, पारनेरचं नव्हे. संदर्भ टिपताना हा घोळ हमखास होतो, माझाही झालाय.) मग लोण पुणे आणि नगर जिल्ह्यांतल्या इतर गावांत पसरलं.

या दंग्यांत एक गोष्ट लक्षात घेण्यासारखी आहे. जमलेल्या शेतकऱ्यांचा रोख माणसांपेक्षा कागदांवर होता. सावकाराकडची खतं, रोखे, वह्या मागायच्या आणि जाळायच्या. जिवावरचे हल्ले त्या मानाने फारच कमी झाले.

आता विचार करा. दामदुपटीचा नियम तर होता. मनुस्मृतीत त्याचा आधार होता आणि मुंबई इलाख्यातली न्यायालयं हिंदू कायद्याचा भाग म्हणून तो मानत होती. मग शेतकरी एवढा का बुडाला?

एक कारण तर सगळ्यांना माहीत असतं. अमेरिकेतल्या यादवी युद्धाच्या काळात (१८६१ ते १८६५) इथल्या कापसाला भाव आला, कर्ज सहज मिळू लागलं. युद्ध संपलं, भाव पडला, सावकारांनी हात आखडता घेतला. त्यातच शेतसारा वाढला. पण मला जास्त महत्त्वाचं वाटतं ते दुसरं, कमी बोललं जाणारं कारण. ते आहे मुदतीचा कायदा.

चांगल्या हेतूचा कायदा आणि चक्रवाढ

१८५९ च्या मुदत कायद्याने असं ठरवलं की कर्जरोख्यावरून दावा लावायचा तर तो तीन वर्षांच्या आत लावायचा. हेतू भला होता. जुनं कर्ज वर्षानुवर्षं डोक्यावर टांगतं राहू नये, व्याज साठत जाऊ नये. प्रत्यक्षात झालं असं की तीन वर्षं भरत आली की सावकार शेतकऱ्याला बोलावून नवं खत लिहून घेऊ लागला. नव्या खतात जुनं मुद्दल आणि थकलेलं व्याज यांची बेरीज 'मुद्दल' म्हणून लिहिली जायची. खाली अंगठा.

गणित करून बघू. आकडे मी समजावण्यापुरते घेतलेत. शंभर रुपये, दर शेकडा दोन रुपये दरमहा. तीन वर्षांत सरळव्याज ७२ रुपये. नवं खत १७२ चं. पुढच्या तीन वर्षांनी सुमारे २९६ चं. नऊ वर्षांनी जवळजवळ ५०९ चं. प्रत्येक खत सुटं घेऊन वाचलं तर दामदुपटीचा नियम कुठेच मोडत नाही, कारण १७२ मुद्दलावर व्याज १२४ च आहे. खतं एकापुढे एक ठेवून वाचली तर शंभराचे पाचपट झालेत.

मग खोटं कुठे आहे? एकाही कागदात नाही. ते दोन कागदांच्या मधल्या जागेत आहे, 'व्याज' या रकान्यातला आकडा 'मुद्दल' या रकान्यात सरकतो तिथे.

दंग्यांनंतर सरकारने आयोग नेमला. त्याचा अहवाल वाचताना जपून. सरकारने नेमलेल्या आयोगाने मुख्य दोष सावकारावर ठेवला आणि साऱ्याच्या ओझ्याला मूळ कारण मानलं नाही, यात नवल नाही. उलट नील चार्ल्सवर्थ या इतिहासकाराने १९७२ मध्ये असं मांडलं की हे दंगे वाटतात तेवढे मोठे नव्हतेच, त्यांचं मिथक झालंय. तुम्ही कुठल्या बाजूला झुकता हा पुढचा प्रश्न. मी आधी खात्यांचे तपशील वाचते, मतं नंतर.

१८७९ मध्ये 'दख्खन शेतकरी कर्जनिवारण कायदा' आला. तो सुरुवातीला पुणे, सातारा, सोलापूर, अहमदनगर या चार जिल्ह्यांपुरता होता. म्हणजे आमचं मनमाड नाशिक जिल्ह्यात असल्याने बाहेर, आणि पलीकडचं कोपरगाव आत! न्यायमूर्ती महादेव गोविंद रानडे यांनी या कायद्याखाली विशेष न्यायाधीश म्हणून काम केलं. कायद्यातल्या दोन गोष्टी लिहून ठेवा. एक, न्यायाधीशाने शेवटच्या खतावर थांबायचं नाही. व्यवहार सुरू झाला तिथपर्यंत मागे जायचं, मुद्दल किती आणि व्याज किती ते वेगळं काढायचं. दोन, शेतकऱ्याला पैसे भरल्याची पावती आणि दरवर्षी हिशोबाचा उतारा मागण्याचा हक्क मिळाला.

आता ईएमआयकडे

गृहकर्ज आणि सावकारी कर्ज एकच, असं मी म्हणत नाहीये. दर कुठे, अटी कुठे! नोकरदाराला घरासाठी लांब मुदतीचं कर्ज मिळणं ही मोठी सोय आहे. हसमुखभाई पारेख यांनी १९७७ मध्ये मुंबईत एचडीएफसी सुरू केली, त्याआधी अनेकांना घरासाठी निवृत्तीच्या पैशांची वाट बघावी लागायची. माझा मुद्दा वाचण्याच्या पद्धतीचा आहे. तेव्हा जसं एकच खत वाचून काही कळत नव्हतं, तसं आज एकटा हप्ता वाचून काही कळत नाही.

साधं उदाहरण घ्या. २५ लाख, २० वर्षं, ८.५ टक्के. हप्ता सुमारे २१,६९६ रुपये. २४० हप्त्यांची बेरीज ५२ लाख ७ हजार. म्हणजे व्याज २७ लाख ७ हजार, मुद्दलापेक्षा जास्त. एकूण बेरीज दामदुपटीच्या पलीकडे गेली. पण नियम इथेही मोडलेला नाही, कारण तो 'एका वेळी' थकलेल्या व्याजाला लागतो, आयुष्यभर भरलेल्या व्याजाच्या बेरजेला नाही. शिवाय बँकांना तो लागूच नाही. १९४६ च्या मुंबई सावकारी कायद्यात दामदुपटीचं तत्त्व आलं, पण बँकेचं कर्ज त्या कायद्याच्या बाहेर ठेवलेलं होतं. १९८४ पासून तर बँकिंग नियमन कायद्यातल्या कलम २१-अ प्रमाणे, व्याज फार झालं या कारणावरून न्यायालय बँकेचा व्यवहार पुन्हा उघडत नाही. १८७९ मध्ये न्यायाधीशाला दिलेली 'मागे जाऊन बघण्याची' मुभा इथे नाही. म्हणून मागे आणि पुढे बघण्याचं काम आपलं आपणच करायचं.

याच कर्जाचा पहिला हप्ता फोडून बघा. २१,६९६ पैकी १७,७०८ व्याज आणि फक्त ३,९८८ मुद्दल. दहा वर्षांत तुम्ही २६ लाखांवर पैसे भरलेले असतात आणि शिल्लक कर्ज असतं साडेसतरा लाख. निम्मं मुद्दल फिटायला १३ वर्षं १० महिने लागतात. यात फसवणूक नाही, शिल्लक रकमेवरच्या व्याजाचं गणितच असं आहे. पण 'निम्मी मुदत झाली म्हणजे निम्मं कर्ज फिटलं' असं मनात धरून कोणी नोकरी बदलणार असेल, तर त्याला हे आधी कळायला हवं.

दादाच्या ॲपमधला आकडा

मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या काळात रिझर्व्ह बँकेने रेपो दर ४ वरून ६.५ टक्क्यांवर नेला. दादाचं कर्ज तरत्या दराचं, रेपोला जोडलेलं. सोपं करण्यासाठी धरू की पहिल्या वर्षानंतर त्याचा दर एकदम ६.७५ वरून ९.२५ झाला. तेव्हा शिल्लक कर्ज होतं सुमारे २४ लाख ३९ हजार. त्यावर महिन्याचं व्याज १८,७९९. हप्ता १९,००९. म्हणजे महिन्याला मुद्दल फिटतंय २१० रुपये!

या वेगाने उरलेले हप्ते २२८ चे होतात सुमारे ५८७, म्हणजे ४९ वर्षं. दादा ८८ वर्षांचा होईल तेव्हा फ्लॅट त्याचा. पुढे भरायची एकूण रक्कम १ कोटी ११ लाखांच्या वर. दर अजून थोडा वाढला असता तर हप्त्यात व्याजही बसलं नसतं, आणि न बसलेलं व्याज मुद्दलात मिळवलं गेलं असतं. ओळखीचं वाटतंय ना? तीन वर्षांनी नवं खत!

हप्ता तोच ठेवून मुदत वाढवणं हीसुद्धा चांगल्या हेतूची सोय. घरखर्चाला धक्का लागू नये म्हणून. पण दादाला कोणी विचारलं नव्हतं. वही घेऊन बसलो तेव्हा निघालं की मुदत जुनीच ठेवायची तर हप्ता सुमारे २२,७५० करावा लागेल, महिन्याला ३,७४० जास्त. पुढे भरायची एकूण रक्कम मग ५१ लाख ८७ हजार. वहिनी दोन्ही आकडे बघून म्हणाली, "एवढ्याने फरक पडतो? मग आधी का नाही सांगितलं कुणी?" मुलीच्या क्लासची फी, गाडीचा हप्ता, सगळं पुन्हा मांडावं लागलं, पण त्यांनी हप्ता वाढवून घेतला.

त्यानंतर १८ ऑगस्ट २०२३ ला रिझर्व्ह बँकेचं परिपत्रक आलं. दर बदलला की हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही, हे कर्जदाराला विचारायचं. मुदत वाढवताना हप्त्यात व्याजच बसत नाही अशी वेळ येऊ द्यायची नाही. आणि दर तिमाहीला उतारा द्यायचा: आजवर मुद्दल किती वसूल झालं, व्याज किती, हप्ते किती उरले, दर किती. ते वाचताना माझ्या टेबलावर १८७९ चा कायदा उघडा होता. १४४ वर्षांनी पुन्हा तेच कलम: हिशोबाचा उतारा द्या, मुद्दल आणि व्याज वेगळं दाखवा.

एक आक्षेप, आणि तो बरोबर आहे

तुमच्यातला अर्थशास्त्राचा विद्यार्थी म्हणेल, 'नुसती बेरीज करून काय उपयोग? वीस वर्षांनंतरचा रुपया आजचा रुपया नसतो.' खरंय. महागाई ५ टक्के धरली तर वीस वर्षांनंतरच्या २१,६९६ रुपयांची आजची किंमत ८,१७७ च्या आसपास येते. शिवाय वाचलेलं भाडं आहे, करसवलत असेल तर ती आहे. म्हणून 'व्याज २७ लाख' हा आकडा म्हणजे कर्जाची अंतिम किंमत नव्हे. पण पगार महागाईबरोबर वाढला तरच हा दिलासा खरा. आणि निवृत्तीनंतर चालू राहणाऱ्या हप्त्याला तो लागू पडत नाही. खरी किंमत रुपयांइतकीच वर्षांत मोजावी लागते.

उलटा उपायही वर्षांतच आहे. वरच्या ८.५ टक्क्यांच्या कर्जात पहिल्यापासून महिन्याला दोन हजार जास्त भरले तर कर्ज २४० ऐवजी सुमारे १९५ महिन्यांत फिटतं आणि व्याज २१ लाख १८ हजारांच्या आसपास राहतं. म्हणजे बेरीजही दामदुपटीच्या आत! तरत्या दराच्या गृहकर्जावर मुदतीआधी फेडल्याचा दंड २०१२ पासून बँकांना लावता येत नाही, हेही लक्षात ठेवा.

तुमच्यासाठी गृहपाठ

संशोधनाला लागण्याआधी एक सराव करा. घरात कुणाचं तरी कर्ज असेलच. त्याचा पहिला उतारा आणि आजचा उतारा शेजारी ठेवा. मधले बदल तारखेसकट लिहा: दर कधी बदलला, हप्ता बदलला की मुदत, कोणाची सही घेतली. शेवटच्या कागदावर थांबू नका. १८७९ च्या न्यायाधीशाला कायद्याने जे करायला लावलं, तेच इतिहासाच्या विद्यार्थ्याने स्वतःहून करायचं असतं. दादाची ती वही मी आता माझ्या प्रबंधाच्या फायलींतच ठेवली आहे.