मागच्या पंखांची ओळख

पावसाळा मुरला की आमच्याकडे शिक्षकांची विचारणा सुरू होते. पूर्वी पत्रातून वर्णन येई, क्वचित काड्यापेटीत कापसावर ठेवलेला मेलेला पतंग येई. हल्ली मोबाइलवर काढलेले छायाचित्र येते. व्हरांड्यातल्या दिव्याखाली, भिंतीवर किंवा झाडाच्या खोडावर बसलेला एक तपकिरी पतंग, वाळक्या पानासारखा. खाली एकच प्रश्न : ‘हा कोणता?’ आम्ही उलट विचारतो, ‘याचे मागचे पंख दिसले का?’ उत्तर बहुधा येते, ‘नाही, पण उडाला तेव्हा काहीतरी नारिंगी चमकले.’

हे ‘काहीतरी नारिंगी’ ओळखण्यात कीटकशास्त्रज्ञांची अडीचशे वर्षे गेली आहेत.

पतंगाला पंखांच्या दोन जोड्या असतात हे आपण मुलांना शिकवतोच. बसलेल्या पतंगाचे पुढचे पंख छपरासारखे अंगावर येतात आणि मागचे पंख त्यांच्याखाली झाकले जातात. बहुसंख्य पतंगांचे मागचे पंख फिकट आणि बिननक्षीचे असतात. पण काही गटांत गंमत उलटी आहे. पुढचे पंख खोडाच्या सालीसारखे किंवा पाचोळ्यासारखे आणि मागचे लालभडक, पिवळे, नारिंगी, क्वचित निळ्या पट्ट्याचे. अशांपैकी सर्वांत प्रसिद्ध गट म्हणजे कॅटोकॅला. फ्रांत्स फॉन पाउला श्रांक यांनी १८०२ साली या प्रजातीला हे नाव दिले. ग्रीक भाषेत ‘काटो’ म्हणजे खाली आणि ‘कालोस’ म्हणजे सुंदर. जगात या गटाच्या सुमारे अडीचशे जाती आहेत आणि त्यांतल्या शंभरावर उत्तर अमेरिकेत.

श्रांकच्या आधी यांतले काही पतंग कार्ल लिनेअसच्या हाती आले होते. १७५८ साली ‘सिस्टिमा नॅच्युरी’ या ग्रंथाची दहावी आवृत्ती निघाली. तीत बहुतेक सगळे पतंग एकाच ‘फॅलिना’ या प्रजातीत कोंबलेले होते. त्या गर्दीत लिनेअसने तांबड्या मागच्या पंखांच्या एका पतंगाला ‘पॅक्टा’, म्हणजे वाग्दत्ता, असे नाव दिले. १७६७ साली त्याने आणखी दोघींची भर घातली : ‘नप्टा’ म्हणजे विवाहिता आणि ‘स्पॉन्सा’ म्हणजे नियोजित वधू. करड्या शालीखाली लाल शालू पाहून त्याला लग्नघर आठवले असावे. पुढच्यांनी ही प्रथा उचलली. व्हिएन्नातील डेनिस आणि शिफरम्युलर यांनी १७७५ साली ‘प्रॉमिसा’, म्हणजे वचन दिलेली, हे नाव दिले, त्यानंतर ‘इलेक्टा’ म्हणजे निवडलेली. असे पुष्कळ वऱ्हाड जमले.

नावे गोड असली तरी ओळख सोपी नव्हती. स्पॉन्सा आणि प्रॉमिसा यांचेच पाहू. दोघींच्या अळ्या ओक वृक्षावर वाढतात, दोघींचे मागचे पंख गडद तांबडे, दोघींच्या पंखांवर दोन काळे पट्टे. फरक इतकाच, की स्पॉन्साचा आतला काळा पट्टा ठळकपणे नागमोडी, तर प्रॉमिसाचा जेमतेम वाकलेला. तसेच, विलो आणि पॉप्लर या झाडांवर वाढणाऱ्या नप्टाच्या पट्ट्याला मध्येच कोपरा असतो आणि तिच्यासारख्याच दिसणाऱ्या इलोकेटाचा पट्टा सौम्य कमानीसारखा जातो. म्हणजे नुसता रंग पाहून भागत नाही. पट्टा कुठे सुरू होतो, कुठे वळतो आणि कडेपर्यंत पोचतो की नाही, हे पाहावे लागते.

इतके बारकाईने पाहता आले याचे कारण संग्राहकांची मांडणी. पतंग खोबणी असलेल्या फळीवर टाचतात, पुढचे पंख वर ओढून त्यांची मागची कड शरीराशी काटकोनात आणतात. असे केले की मागचा पंख पूर्ण उघडा पडतो. संग्रहालयातल्या प्रत्येक पेटीत पतंग याच ऐटीत दिसतो. जिवंतपणी तो असा क्वचितच बसतो. जे लक्षण पतंग दिवसभर झाकून ठेवतो, तेच आपण त्याचे ओळखपत्र मानले, ही गोष्ट ध्यानात ठेवावी. पुढे तिचा संबंध येणार आहे.

आता अटलांटिक ओलांडून अमेरिकेत जाऊ. जॉन ॲबट नावाचा इंग्रज चित्रकार जॉर्जियात राहून तिथले कीटक रंगवीत असे. त्याच्या चित्रांवर आधारलेले पुस्तक जेम्स एडवर्ड स्मिथ यांनी १७९७ साली लंडनहून काढले. हे स्मिथ म्हणजे ज्यांनी १७८४ साली लिनेअसचा सारा संग्रह विकत घेतला आणि पुढे लिनियन सोसायटी स्थापन केली, तेच. लिनेअसच्या ‘वधू’ त्यांच्याच कपाटात होत्या. ॲबटच्या चित्रांत मात्र एक पतंग असा होता, की ज्याचे मागचे पंख साफ काळे आणि कडेला पांढरी झालर. स्मिथ यांनी त्याचे नाव ठेवले ‘व्हिडुआ’, म्हणजे विधवा.

मग एकामागून एक काळ्या पंखांच्या जाती सापडत गेल्या आणि नावांचा नूरच पालटला. फ्रान्सच्या गेने यांनी १८५२ साली एकीला ‘लॅक्रिमोसा’ म्हणजे अश्रू ढाळणारी आणि दुसरीला ‘इन्सोलॅबिलिस’ म्हणजे जिचे सांत्वन होत नाही अशी, ही नावे दिली. ऑगस्टस ग्रोट यांनी १८७२ साली ‘फ्लेबिलिस’, म्हणजे रडवेली, आणली. १८८० साली हर्मन स्ट्रेकर यांनी ‘डिजेक्टा’, म्हणजे खचलेली, हे नाव दिले. स्ट्रेकर पेनसिल्व्हानियातील रेडिंग गावी थडग्यांचे दगड कोरून पोट भरीत आणि रात्री पतंगांचा अभ्यास करीत. त्यांनी हे नाव निवडावे याचे आम्हांला नवल वाटत नाही. बाईचे दोनच प्रकार, लग्नातली नाही तर सुतकातली, ही समजूत मात्र त्या काळच्या पुरुषांची. पतंगांत नर आणि मादी दोघांचेही पंख सारखेच काळे असतात.

आमच्या दृष्टीने महत्त्वाचा मुद्दा निराळा आहे. व्हिडुआ, फ्लेबिलिस, डिजेक्टा, इन्सोलॅबिलिस यांचे मागचे पंख काळेच, झालर पांढरी किंवा पांढरट. अळ्याही सगळ्यांच्या अक्रोडाच्या कुळातील हिकरी वृक्षांवर वाढतात. इथे मागच्या पंखांचे ओळखपत्र कोरे निघाले! तेव्हा पुन्हा पुढच्या पंखांकडे वळावे लागले. पण पुढचे पंख एकाच जातीत कधी करडे, कधी जवळजवळ काळे असे बदलतात. ग्रोट आणि स्ट्रेकर यांचे एकमेकांशी हाडवैर होते आणि दोघेही नवनवी नावे देत होते. काही नावे टिकली, काही एकाच जातीची निराळी रूपे ठरून बाद झाली. हा पसारा आवरायला १९१८ साल उजाडले. त्या वर्षी बार्न्स आणि मॅकडनो यांनी उत्तर अमेरिकेतील कॅटोकॅलांचा सचित्र ग्रंथ न्यूयॉर्कच्या अमेरिकन म्युझियम ऑफ नॅचरल हिस्टरीतर्फे प्रसिद्ध केला.

तोपर्यंत सगळे विचारत होते, ‘हा पंख कोणाचा?’ ‘हा पंख कशासाठी?’ हा प्रश्न प्रयोगाच्या टेबलावर यायला आणखी पन्नास वर्षे लागली.

मॅसॅच्युसेट्स विद्यापीठातील थिओडोर सार्जंट यांनी १९६० च्या दशकापासून कॅटोकॅला पतंगांवर काम केले. १९७६ साली त्यांचे ‘लीजन ऑफ नाइट’ हे पुस्तक निघाले. पकडलेल्या पतंगांतले फाटक्या पंखांचे नमुने त्यांनी मुद्दाम वेगळे काढले आणि १९७३ साली त्यांवर एक निबंध लिहिला. फाटका पतंग म्हणजे संग्राहकाला कचरा. पेटीत जागा फक्त निर्दोष नमुन्याला. पण सार्जंटना त्या फाटक्या पंखांवर पक्ष्यांच्या चोचीच्या खुणा दिसत होत्या. पतंग पंख मिटून बसला असताना चोच बसली तर पुढचा आणि मागचा असे दोन्ही पंख एकदम फाटतात. फक्त मागच्याच पंखाचा लचका गेला असेल, तर हल्ल्याच्या वेळी तो उघडा होता. आणि ज्याअर्थी पतंग प्रयोगशाळेपर्यंत पोचला, त्याअर्थी तो पक्ष्याच्या तावडीतून सुटला होता. कोणी मेहनतीने जमवलेल्या हजारो सुबक नमुन्यांत जो पुरावा नव्हता, तो या चिंध्यांत होता. आधीच्या शंभर वर्षांत असा किती पुरावा केरात गेला असेल याची कल्पना करवत नाही.

सार्जंट यांचा तर्क असा : पक्षी खोडावरच्या पतंगाला टोचायला जातो, पतंग पुढचे पंख झटकन वर उचलतो आणि एकदम लाल किंवा पिवळा रंग चमकतो. पक्षी क्षणभर दचकतो, तेवढ्यात पतंग निसटतो. पण पक्षी शिकणारा प्राणी आहे. लाल रंगाला तो चार-पाच वेळा दचकेल, पुढे दचकणार नाही. मात्र त्याच जंगलात एक लाल, दुसरा पिवळा, तिसरा काळा निघू लागला तर? पुढच्या खेपेला काय निघेल हे पक्ष्याला सांगता येत नाही. तेव्हा निरनिराळ्या जातींचे मागचे पंख निरनिराळे असणे, हेच त्यांचे संरक्षण. भरजरी शालूंमधला साधा काळा पंखसुद्धा याच हिशेबात बसतो.

१९८५ साली डेब्रा श्लेनॉफ यांनी हा तर्क ब्लू जे पक्ष्यांवर तपासला. (आपल्या जुन्या इंग्रजी पुस्तकांत चास पक्ष्यालाही ब्लू जे म्हटलेले आढळते, हा पक्षी तो नव्हे, हा कावळ्याच्या कुळातला.) त्यांनी पतंगांच्या प्रतिकृती केल्या. पक्ष्याने ती जागेवरून ओढली की मागचे पंख फटकन उघडत. करड्या मागच्या पंखांची सवय झालेले पक्षी कॅटोकॅलाची नक्षी दिसताच दचकले. हळूहळू ते त्या नक्षीला सरावले. मग दुसऱ्या नक्षीची प्रतिकृती दिली, तर पुन्हा दचकले.

पुढच्या पंखांचीही अशीच परीक्षा झाली. पिएट्रेविच आणि कामिल यांनी १९७९ साली ब्लू जे पक्ष्यांना खोडांवर बसलेल्या कॅटोकॅलांच्या पारदर्शिका दाखवल्या. चित्रात पतंग सापडला तर त्यावर चोच मारायची आणि बक्षीस मिळवायचे. लागोपाठ एकाच जातीची चित्रे आली तेव्हा पक्षी उत्तरोत्तर तरबेज झाले. दोन जाती सरमिसळ दाखवल्या तेव्हा तशी सुधारणा दिसली नाही.

म्हणजे पेट्यांपुढे बसलेल्या संग्राहकांची जी त्रेधा उडाली, तशीच जंगलातल्या पक्ष्यांचीही उडत होती. ज्या लक्षणावर आपण ओळखीची इमारत रचली, त्याचे काम ओळख चुकवण्याचे होते.

कॅटोकॅला ही थंड मुलखातील मंडळी. आपल्या देशात ती हिमालयाच्या परिसरात भेटतात. महाराष्ट्रातल्या व्हरांड्यात नारिंगी चमकले तर तो बहुधा त्याच इरेबिडी कुळातला युडोसिमा असतो. आणि इथे प्रश्न नुसत्या हौसेचा राहत नाही. विदर्भातल्या संत्र्याच्या बागांत, विशेषतः आंबिया बहाराची फळे पिकू लागली की, सप्टेंबर-ऑक्टोबरात फळांना बारीक भोक पडते, भोवतालची साल मऊ होते, फळ सडून गळते. सकाळी बागेत गुन्हेगार सापडत नाही. रात्री विजेरी घेऊन गेलो तर फळांवर अनेक प्रकारचे पतंग दिसतात, पण त्यांतले पुष्कळसे आयत्या भोकातून रस पिणारे असतात. साल भेदण्याइतकी टणक, काटेरी टोकाची सोंड थोड्यांनाच असते. युडोसिमा त्यांपैकी प्रमुख. कोणावर उपाय करायचा हे ओळखीवर ठरते.

इथे पुढच्या पंखांवर विसंबलो तर फसगत ठरलेली. युडोसिमाच्या नर आणि मादीचे पुढचे पंख निराळे असतात, त्यामुळे एकाच जातीचे दोन पतंग परके वाटतात. मागचा पंख मात्र खरे बोलतो. नारिंगी पंख, काळी किनार आणि मधोमध गोल काळा ठिपका असेल तर युडोसिमा मॅटर्ना. ठिपक्याऐवजी मोठा, वाकडा, स्वल्पविरामासारखा डाग असेल तर युडोसिमा फॅलोनिया किंवा तिच्यासारखीच होमीना. या दोघींत किनारीचा आकार पाहावा लागतो. निलगिरीत चहाचा मळेवाला म्हणून आलेले जॉर्ज हॅम्पसन यांनी १८९४ साली ब्रिटिश भारताच्या प्राणिसृष्टीवरील ग्रंथमालेत या कुळाचे वर्णन केले. तेव्हापासून नावे मात्र फिरत राहिली. जुन्या कृषी पुस्तकांत ऑफिडेरेस, नंतर ओथ्रिस, आज युडोसिमा. लिनेअसने १७६३ साली ‘फॅलोनिया’ म्हटलेली जात पुढे दोन शतके ‘फुलोनिया’ म्हणून छापली गेली. २००२ साली झिली आणि होगेनेस यांनी मूळ नाव परत आणले. जुनी टिपणे वाचताना ही तिन्ही-चारही नावे एकाच पतंगाची आहेत हे लक्षात ठेवले नाही, तर माहिती हातून निसटते.

शिवाय अळी संत्र्यावर नसतेच. ती गुळवेल, वासनवेल अशा वेलींवर वाढते. म्हणून बागेत फवारणी करून अळी सापडत नाही. कुंपणावरची गुळवेल पाहावी लागते. पतंगासाठी गूळ आणि विषारी औषध घातलेले आमिष रात्री टांगतात. इंग्लंडातले संग्राहक एकोणिसाव्या शतकात काकवी आणि रम एकत्र उकळून झाडांच्या खोडांना फासत आणि कॅटोकॅलांची वाट पाहत, त्याचाच हा सावत्र भाऊ.

विष वगळून हा प्रयोग शाळेत करता येतो. गूळ आणि जास्त पिकलेले केळे कुस्करून एक दिवस आंबू द्यावे, अंधार पडण्यापूर्वी खोडावर छातीइतक्या उंचीवर फासावे आणि तासाभराने मुलांना घेऊन जावे. विजेरीवर तांबडा कागद बांधला तर पतंग कमी बुजतात. आमिषावर रस पिताना काही पतंग पंख किंचित उघडे ठेवतात. छायाचित्र तेव्हाच घ्यावे. बसलेल्याला गवताच्या काडीने हलके डिवचले तर पंख कसे उघडतात तेही पाहावे आणि वहीत तीन गोष्टी लिहाव्यात : मधला डाग गोल की वाकडा, किनार कुठपर्यंत गेली आहे, जवळपास गुळवेल आहे का. सकाळी दिव्याखाली तुटके पंख पडलेले दिसतील. झाडूवाल्या मावशींच्या आधी ते गोळा करावेत, फाटलेले अगोदर.