एका रात्रीचें पार्श्वसंगीत

बोलपटांतील संगीत म्हटलें कीं आपणांस गाणीं आठवतात. पात्रांच्या मागें जें वाजत असतें त्याकडे आपले कान सहसा जात नाहींत. बड्या चित्रसंस्थांच्या पदरीं पगारी वादकांचा ताफा असे. ज्या चित्रपटामागें अशी संस्थाच नाहीं, त्याच्या संगीतकारानें काय करावें?

रविशंकरांना हा प्रश्न प्रथम मुंबईंत पडला असला पाहिजे. १९४६ सालीं 'इप्टा' या नाट्यसंघानें बंगालच्या दुष्काळावर 'धरती के लाल' काढला, आणि त्याच वर्षीं चेतन आनंदांचा 'नीचा नगर' कान येथें गौरविला गेला. दोहोंचें संगीत त्यांचेंच. परंतु खरी कसोटी लागली ती कलकत्त्यास.

सत्यजित राय जाहिरातसंस्थेंत चित्रकार होते. 'पथेर पांचाली'साठीं त्यांनीं विम्यावर कर्ज काढलें, पत्नीचे दागिने गहाण पडले, तरी काम थांबलेंच; अखेर पश्चिम बंगाल सरकारनें पैसा पुरविला. रविशंकर तोंवर नामांकित सतारवादक झाले होते आणि बैठकींच्या दौऱ्यांमुळें त्यांना सवड नव्हती. पहिल्या भेटींतच त्यांनीं एक धून गुणगुणून दाखविली. वळण लोकगीताचें, पण संस्कार रागदारीचा! तीच पुढें बांसरीवर मुख्य धून झाली. चित्रपट त्यांनीं पाहिला तो निम्मा, आणि तोही कच्चा. मग एकाच रात्रीं, सुमारें अकरा तासांत, मोजक्या वादकांसह सारें ध्वनिमुद्रण उरकलें. जें राहून गेलें तें छायाचित्रकार सुब्रत मित्र यांनीं भरून काढलें. मिठाईवाल्याच्या प्रसंगांतली सतार त्यांचीच.

घाईनें केलेलें काम घाईचेंच वाटावयास हवें होतें. तसें कां वाटत नाहीं, याचें उत्तर मला एका प्रसंगांत मिळतें. हरिहर परगांवाहून परततो आणि दुर्गेसाठीं आणलेली साडी पुढें करतो. दुर्गा गेलेली आहे, हें त्याला ठाऊक नाहीं. सर्वजयेचा बांध फुटतो, तोंड उघडतें, पण तिचा आवाज आपणांस ऐकूं येत नाहीं. त्या जागीं दक्षिणामोहन टागोरांची तारशहनाई पटदीपाच्या वरच्या स्वरांत आक्रंदते. एस्राजाला कर्णा जोडून केलेलें हें वाद्य. एरवीं पार्श्वसंगीत रडण्याला साथ करतें; येथें तें रडणेंच झालें आहे. रडण्याचा आवाज काढून टाकण्याचें धाडस रायांचें, परंतु त्या जागीं उभा राहील असा स्वर रविशंकरांनीं दिला. मोठा वाद्यवृंद हाताशीं असता तर हा मोह कोणाला आवरला असता?

यांत एक तेढही होती. थोर वादकांची निष्ठा चित्रापेक्षां संगीताच्या परंपरेशीं अधिक, असें रायांचें पुढें मत बनलें. १९५८ सालीं 'जलसाघर'साठीं विलायत खां आणि १९६० सालीं 'देवी'साठीं अलि अकबर खां यांस त्यांनीं बोलाविलें, आणि १९६१ च्या 'तीन कन्या'पासून आपल्या चित्रपटांचें संगीत स्वतःच करूं लागले. अपूच्या तिन्ही चित्रपटांस मात्र रविशंकरच होते.