एका नाताळकथेचा जन्म

मराठींतील ‘नाताळ’ हा शब्द पोर्तुगिजांबरोबर आपल्या किनाऱ्यावर आला. सण त्याहून कितीतरी प्राचीन. परंतु या सणाशीं आज जी एक विशिष्ट भावना निगडित झालेली दिसते, म्हणजे निदान या दिवशीं तरी धन्यानें नोकराची आणि धनिकानें दरिद्र्याची आठवण ठेवावी ही, ती घरोघर पोहोंचविण्याचें श्रेय बऱ्याच अंशीं एका छोटेखानी इंग्रजी पुस्तकाकडे जातें. चार्ल्स डिकन्सचें ‘ए ख्रिसमस कॅरोल’ १९ डिसेंबर १८४३ रोजीं लंडनमध्यें प्रसिद्ध झालें. स्क्रूज नांवाचा एक कवडीचुंबक व्यापारी, त्याला नाताळच्या आदल्या रात्रीं भेटणारीं पिशाच्चें, आणि सकाळीं झालेलें त्याचें हृदयपरिवर्तन ही कथा सुशिक्षित घरांतून सर्वश्रुत आहे. ही प्रेमळ कथा एका रुक्ष सरकारी अहवालाच्या पानांतून उगवली ही गोष्ट मात्र तितकी प्रसिद्ध नाहीं.

त्या काळीं इंग्लंडांत बालमजुरीची चौकशी करण्यासाठीं एक सरकारी मंडळ नेमलें होतें. त्याचा पहिला अहवाल १८४२ मध्यें बाहेर पडला तो खाणींविषयींचा. पांच-सहा वर्षांचीं मुलें भुयारांतील वाऱ्याचीं दारें उघडण्या-मिटण्यासाठीं तासन् तास काळोखांत एकटीं बसत. जरा मोठीं झालेलीं मुलें कंबरेस सांखळी बांधून, हातापायांवर रांगत कोळशाच्या गाड्या ओढीत. अहवालांत याचीं चित्रें छापलीं होतीं, आणि शब्दांनीं जें झालें नसतें तें त्या चित्रांनीं केलें. त्याच वर्षीं कायदा होऊन स्त्रियांना आणि दहा वर्षांच्या आंतील मुलांना खाणींत उतरविणें बंद झालें. पुढच्या वर्षीं दुसरा अहवाल आला तो निरनिराळ्या धंद्यांविषयींचा. मंडळाचे एक सभासद डॉ. साउथवुड स्मिथ यांनीं त्याची प्रत डिकन्सकडे धाडली.

ती वाचून डिकन्स हादरून गेला. याचें कारण केवळ कोमल अंतःकरण हें नव्हे. १८२४ मध्यें बाप कर्जापायीं मार्शलसीच्या तुरुंगांत पडला तेव्हां बारा वर्षांच्या या मुलाला बुटांच्या काळ्या रोगणाच्या कारखान्यांत जावें लागलें होतें. रोगणाच्या बरण्यांवर कागद बांधावयाचे आणि चिठ्ठ्या चिकटवावयाच्या. वेतन आठवड्याला सुमारें सहा शिलिंग. ही गोष्ट त्यानें जन्मभर लपवून ठेवली. फॉर्स्टर या जिवलग मित्राजवळ तेवढें त्यानें मन मोकळें केलें, आणि जगाला ती कळली ती त्याच्या मृत्यूनंतर, फॉर्स्टरनें लिहिलेल्या चरित्रांतून. अहवालांतील मुलें त्याला परकीं नव्हतीं.

त्यानें प्रथम योजिलें तें एक पत्रक. गरिबाच्या मुलाच्या वतीनें इंग्लंडच्या जनतेस आवाहन, असें त्याचें स्वरूप असावयाचें होतें. परंतु मार्च १८४३ मध्येंच, चार-सहा दिवसांच्या आंत, त्यानें तो बेत पुढें ढकलला आणि डॉ. स्मिथना कळविलें कीं, वर्षअखेर आपल्या हातून जो घाव बसेल तो या पत्रकापेक्षां वीसपट, किंबहुना वीस हजारपट जोरानें बसेल. तो घाव कोणत्या रूपानें बसणार हें त्याला स्वतःला तरी तेव्हां ठाऊक होतें कीं नाहीं याची शंकाच आहे. प्रतिभेचा स्फोट एका क्षणांत होतो असें म्हणावयाची पद्धत आहे. येथें तो क्षण यावयास जवळजवळ सात महिने लागले.

सप्टेंबरमध्यें त्यानें लंडनच्या फील्ड लेन भागांतील एक ‘रॅग्ड स्कूल’ पाहिलें. अंगावर चिंध्या असलेल्या, दुसरी कोणतीहि शाळा ज्यांना दारांत उभें करणार नाहीं अशा मुलांसाठीं धर्मशील लोकांनीं चालविलेली ती शाळा. तेथील कोंदट हवा, घाण आणि मुलांचे अकालीं निबर झालेले चेहरे यांनीं त्याच्या मनांत घर केलें. मग ५ ऑक्टोबरला मँचेस्टरमध्यें कामगारांच्या शिक्षणासंबंधीं सभा होती. कॉब्डेन आणि डिझरायली यांसारखे पुढारी व्यासपीठावर होते. डिकन्सनें तेथें अज्ञानाविरुद्ध भाषण केलें, आणि त्याच मुक्कामांत कथेची कल्पना त्याच्या मनांत आकारास आली. घरीं परततांच तो लिहावयास बसला. रात्रीं लंडन झोपीं गेलें असतां तो पंधरा-पंधरा, वीस-वीस मैल रस्ते तुडवी, मनांतल्या मनांत हंसे, रडे, आणि पुन्हां येऊन लिही. साऱ्या सहा आठवड्यांत पुस्तक हातावेगळें झालें.

या सर्वांत द्रव्याची विवंचनाहि होती, आणि ती झांकण्याचें कारण नाहीं. ‘मार्टिन चझलविट’ या त्याच्या चालू कादंबरीचा खप उतरला होता, प्रकाशक मासिक रकमेंत कपात करण्याची भाषा बोलूं लागले होते, घरांत चार मुलें होतीं आणि पांचवें येऊं घातलें होतें. परोपकाराची कथा लिहिणाऱ्याला स्वतःला पैसा हवा होता म्हणून कथेची किंमत कमी होत नाहीं. उलट तींतील पैशांचा हिशेब इतका चोख उतरला आहे तो कदाचित् यामुळेंच.

कारण या कथेंतील दया हवेंत तरंगणारी नाहीं. स्क्रूजच्या कचेरींत कोळशाची पेटी धन्याच्या खोलींत असते, आणि कारकून बॉब क्रॅचिट याच्या शेगडींत जेमतेम एकच कोळसा. बॉबचा पगार आठवड्याला पंधरा शिलिंग. नाताळची सुटी देतांना धनी कुरकुरतो कीं, काम न करतां एका दिवसाचा पगार जाणार. स्क्रूजचें मन पालटलें याची खूण म्हणूनहि डिकन्स पगारवाढ आणि कोळशाची नवी बादली दाखवितो. गरिबांसाठीं वर्गणी मागावयास आलेल्या गृहस्थांना स्क्रूज प्रथम विचारतो कीं, तुरुंग आणि ‘वर्कहाऊस’ बंद पडलीं काय? १८३४ च्या कायद्यानें निराधारांना ज्या कोठ्यांत डांबून राबवीत त्या या. तत्कालीन वाचकाला हा टोला कोणाला आहे हें सांगावें लागत नसे.

आणि अहवालांतील तीं मुलें? तीं कथेच्या मध्यावर येतात. दुसऱ्या पिशाच्चाच्या झग्याखालून एक मुलगा आणि एक मुलगी बाहेर पडतात, रोडकीं, फाटकीं, हिंस्र नजरेचीं. मुलगा अज्ञान, मुलगी विपन्नावस्था. आणि त्यांतहि मुलापासून अधिक सावध राहावें असें पिशाच्च बजावतें. बॉबचा पंगु मुलगा टिम स्क्रूजच्या औदार्यानें वांचतो. या दोघांना मात्र शेवटपर्यंत कोणीहि जवळ करीत नाहीं. नाताळच्या मेजवान्यांतून पुढें ही कथा वाचली जाऊं लागली तेव्हां टिम सर्वांच्या ध्यानांत राहिला आणि हीं दोघें मागें पडलीं, हें लेखकाच्या हेतूला धरून झालें असें म्हणतां येणार नाहीं.

पुस्तक देखणें निघालें: सोनेरी कडांचीं पानें, जॉन लीचचीं रंगीत चित्रें, किंमत पांच शिलिंग. नाताळच्या आदल्या दिवसापर्यंत ६,००० प्रती खपल्या. परंतु पांच शिलिंग म्हणजे बॉबच्या आठवड्याच्या पगाराचा तिसरा हिस्सा. ज्याच्याविषयीं लिहिलें त्याला तें विकत घेणें अवघडच. लेखकालाहि लाभ बेताचाच झाला. छपाईचा खर्च त्याच्या अंगावर होता, आणि १,००० पौंडांच्या अपेक्षेच्या जागीं पहिल्या आवृत्तीचे अवघे २३० पौंड हातीं आले. जानेवारींत एका स्वस्त नियतकालिकानें कथा चोरून छापली. डिकन्स कोर्टांत जिंकला, प्रतिवाद्यांनीं दिवाळें काढलें, आणि सुमारें ७०० पौंडांचा खर्च जिंकणाऱ्याच्याच माथीं बसला! थॅकरेनें मात्र लिहिलें कीं, हें पुस्तक म्हणजे राष्ट्रावर आणि प्रत्येक वाचकावर केलेला उपकार होय.

कारखान्यांतील स्त्रियांना आणि मुलांना दहा तासांच्या कामाचा कायदा १८४७ मध्यें मिळाला. तें यश या पुस्तकाचें नव्हे. त्यामागें कामगारांची आणि लॉर्ड ॲशलेसारख्यांची वर्षानुवर्षांची झुंज होती.

डिसेंबर १८५३ मध्यें बर्मिंगहॅमच्या नव्या शिक्षणसंस्थेच्या मदतीसाठीं डिकन्सनें तेथील टाउन हॉलमध्यें आपल्या नाताळकथांचें वाचन केलें. त्यापैकीं एक रात्र मुख्यतः कामकरी वर्गासाठीं राखून ठेवावी आणि त्यांना परवडेल असा दर असावा, अशी त्याची अट होती. ३० तारखेला तिकीट होतें सहा पेन्स, म्हणजे पुस्तकाच्या किंमतीचा दहावा भाग. दोन हजारांवर मंडळी जमली, आणि बॉब क्रॅचिटच्या पंधरा शिलिंगांची कथा त्या रात्रीं पगारावर जगणाऱ्या माणसांनीं लेखकाच्या तोंडून ऐकली.