पायंडा आणि पान नंबर

आमच्याकडे लोकलमध्ये तिघांच्या बाकावर चौथा बसतो. हे कुठल्या कायद्यात लिहिलेलं नाही. पण अंधेरीला चढलेला माणूस नुसतं ‘जरा सरका’ म्हणतो आणि बोरिवलीपासून बसून आलेले तिघे निमूट सरकतात. का? तर काल सरकले होते म्हणून! इंग्रजांचा ‘कॉमन लॉ’ याहून फारसा वेगळा नाही. काल न्यायाधीशानं जे केलं तेच आज करायचं. अडचण एकच. काल नक्की काय केलं, हे सांगणार कोण?

आम्ही बँकवाले अशा वेळी जुनी फाइल काढतो. इंग्लंडात तेराव्या शतकाच्या अखेरीपासून १५३५ पर्यंत ही फाइल म्हणजे ‘इयर बुक्स’. कोर्टातली वादावादी, तीही मोडक्यातोडक्या फ्रेंचमध्ये! म्हणजे पक्षकाराला चुकून कायदा कळेल ही भीती नको. पुढे खाजगी टिपणकार आले. १५७१ साली छापलेल्या प्लाउडनच्या खंडाला मोठा मान. पण सगळेच प्लाउडन नव्हेत. एस्पिनास म्हणे एका कानानं बहिरा होता, म्हणून तो अर्धा खटला ऐके आणि उरलेला अर्धा लिही! बार्नार्डिस्टन कोर्टात डुलक्या घेई, तेवढ्यात शेजारचे वात्रट वकील त्याच्या वहीत काहीबाही खरडून ठेवत, अशी आख्यायिका आहे. छापून आलं की झाला पायंडा. अखेर १८६५ मध्ये वकिलांनीच मंडळ नेमून हा कारभार शिस्तीत आणला.

मुंबईत हायकोर्ट आलं १८६२ साली. १८७५ मध्ये सरकारनं कायदाच केला, की आम्ही छापू तेच निकाल खरे, इतर कुणाचे खंड ऐकून घ्यायला कोर्ट बांधील नाही. १८७६ पासून ‘इंडियन लॉ रिपोर्ट्स’ निघू लागले. तरीही १८९९ मध्ये रतनलाल रणछोडदास आणि धीरजलाल ठाकोर या जोडीनं ‘बॉम्बे लॉ रिपोर्टर’ काढलाच. वकील हुशार, त्यांनी दोन्ही दुकानांत खाती उघडली.

तुम्ही म्हणाल, या जाडजूड खंडांशी आपल्याला काय करायचंय? तर सरकारी मालिकेचा मुंबईचा नववा खंड, पान ५२९ उघडा. दादाजी भिकाजी विरुद्ध रखमाबाई, १८८५. अकराव्या वर्षी लग्न लावून दिलेल्या रखमाबाईंनी नांदायला जायचं नाकारलं. न्यायमूर्ती पिन्हे यांनी सांगितलं, की तिच्या मनाविरुद्ध तिला धाडणं हा रानटीपणा आहे. पुढच्याच वर्षीच्या खंडात, पान ३०१ वर, अपिलात तो निकाल फिरला. १८८७ मध्ये हुकूम झाला, की नवऱ्याकडे जा, नाहीतर सहा महिने तुरुंगात. १८८८ मध्ये दोन हजार रुपयांवर तडजोड झाली, आणि रखमाबाई पुढे डॉक्टर झाल्या.

कॉमर्सवाल्याला यातली गंमत चटकन कळते. खातेवहीत खोडरबर चालत नाही. नोंद फिरवायची तर खाली उलटी नोंद करायची. मूळची तशीच राहते, कुणीही वाचावी. पिन्हेसाहेबांची नोंद अपिलात फिरली, पण पुसली गेली नाही. संमतिवयाच्या वादात ती लोकांच्या तोंडी होती आणि १८९१ साली त्याचा कायदाही झाला.

काही उलट्या नोंदींना वेळ लागतो. ‘बॉम्बे लॉ रिपोर्टर’च्या दहाव्या खंडात, १९०८ चा, टिळकांवरचा राजद्रोहाचा खटला आहे. शिक्षा सहा वर्षं, काळं पाणी. त्याची उलटी नोंद १९५६ मध्ये झाली. मुख्य न्यायमूर्ती छागलांनी टिळकांचे त्या वेळचे उद्गार त्याच कोर्टाबाहेर संगमरवरात कोरून लावले.

तेव्हा सोसायटीच्या सभेत, मग ती मुलुंडची असो की घाटकोपरची, गच्चीच्या किल्लीवरून घसा कोरडा करणाऱ्यांना माझा फुकटचा सल्ला आहे. ओरडू नका, मिनिट्स लिहायला बसा. आवाज हॉलमध्येच विरतो. उरतं ते कोपऱ्यात मान खाली घालून लिहिणाऱ्या कारकुनाचं. फक्त त्याला दोन्ही कानांनी ऐकू येतं ना, तेवढं बघून घ्या.